चौकातली पोलादी भिंत आणि वाटसरूची संमती

रिचर्ड सेरा हे अमेरिकन शिल्पकार मार्च २०२४ मध्ये वयाच्या ८५व्या वर्षी निवर्तले. त्यांच्या कामाचा आढावा घेताना ‘टिल्टेड आर्क’ या कललेल्या पोलादी भिंतीच्या शिल्पाचा विषय टाळताच येत नाही. न्यूयॉर्कच्या फेडरल प्लाझा या सरकारी कचेऱ्यांसमोरच्या प्रांगणात ते १९८१ मध्ये उभे राहिले आणि १९८९ मध्ये सरकारनेच ते कापून तिथून हलवले. ही हकीकत गेली चार दशके दोन ठरावीक चालींवर सांगितली जाते. एका चालीत नोकरशाही अरसिक असते आणि कलावंत हुतात्मा; दुसरीत कलावंत उद्दाम असतो आणि त्याने अडवलेली वाट सामान्य माणसे मोकळी करून घेतात. दोन्ही चालींत मूळ प्रश्नाला बगल दिली जाते असे मला वाटते. माणसाची चाल, त्याची नजर आणि त्याच्या भोवतीचा अवकाश हीच ज्या कलेची सामग्री आहे, ती कला सर्वांच्या वापरातल्या जागेत आणायची असेल, तर त्या माणसाला कोणत्या टप्प्यावर आणि नेमके काय विचारायला हवे, हा तो प्रश्न आहे. जागेचे प्रयोजन ती वापरणाऱ्यांनी आधी आणि जाहीरपणे ठरवावे, तिथल्या शिल्पाचे रूप मात्र कलावंतावर आणि जाणकारांवर सोडावे, असे माझे मत आहे. टिल्टेड आर्कच्या बाबतीत नेमके याच्या उलट घडले: प्रयोजनाविषयी कोणी कोणाला विचारले नाही आणि रूपाविषयी मात्र जनसुनावणी भरवली गेली.

हे मत पटवून द्यायचे तर आधी मिनिमलिझम, म्हणजे ज्या कलाप्रवाहातून सेरा पुढे आले, त्याबद्दलचा एक रूढ समज बाजूला सारावा लागेल. १९६०च्या दशकात डोनाल्ड जड, रॉबर्ट मॉरिस, कार्ल आंद्रे, डॅन फ्लॅव्हिन यांनी शिल्पातून बरेच काही काढून टाकले. चौथरा गेला, मानवाकृती गेली, छिन्नीची खूण गेली, एका भागाने दुसऱ्याला तोलून धरण्याची जुनी रचनापद्धती गेली. मागे उरले कारखान्यातून बनवून घेतलेले खोके, ओळीने मांडलेल्या विटा आणि ट्यूबलाइट. यावरून ही कला प्रेक्षकाकडे फारसे काही मागत नाही, ती अबोल आणि बिनउपद्रवी आहे, असा ग्रह होतो आणि तो साफ चुकीचा आहे. वस्तूमध्ये निरखण्यासारखे तपशील जितके कमी, तितके पाहणाऱ्याचे लक्ष वस्तूवरून निसटून खोलीकडे, उजेडाकडे, स्वतःच्या उंचीकडे आणि आपण कुठे उभे आहोत याकडे वळते. जड यांनी टेक्सासमधल्या मार्फा या आडवळणाच्या गावी लष्कराच्या दोन जुन्या तोफखाना-शेडमध्ये १९८२ ते १९८६ या काळात ॲल्युमिनियमचे १०० खोके मांडले. बाहेरची मापे सर्वांची एकच, आतली विभागणी प्रत्येकाची निराळी. शेडच्या दारांच्या जागी त्यांनी मोठाल्या काचा बसवल्या. तिथे एकेका खोक्याकडे पाहून फारसे हाती लागत नाही; सूर्य सरकतो तसा एखादा खोका पारदर्शक भासू लागतो, शेजारचा काळवंडतो, आणि पाहणाऱ्याला चालत राहावे लागते. चालणे हा त्या कलाकृतीचा भागच आहे.

सेरा या मंडळींच्या किंचित मागून आले. समीक्षक त्यांना उत्तर-मिनिमलिस्ट म्हणतात आणि ते योग्यच आहे, कारण जड यांच्या खोक्यांत जी गुळगुळीत अलिप्तता आहे ती सेरांच्या कामात औषधालाही सापडत नाही. वडील सॅन फ्रान्सिस्कोच्या जहाजबांधणीच्या गोदीत कामाला. स्वतः सेरांनी इंग्रजी साहित्याच्या शिक्षणाचा खर्च पोलाद कारखान्यांत काम करून भागवला आणि मग येल विद्यापीठात चित्रकला शिकली. १९६७-६८ मध्ये त्यांनी दोन कागदांवर क्रियापदांची एक यादी हाताने लिहून काढली: गुंडाळणे, दुमडणे, वाकवणे, फाडणे, टेकवणे अशा क्रिया, ज्या एखाद्या पदार्थावर करून पाहता येतील. १९६९ मधल्या ‘वन टन प्रॉप’ या शिल्पात शिशाच्या चार जाड प्लेट एकमेकींवर रेलून उभ्या आहेत. जोडकाम नाही, खिळा नाही; केवळ परस्परांच्या भाराने त्या थांबल्या आहेत. सेरांनी त्याला ‘पत्त्यांचा बंगला’ असे उपनाव दिले. आकार म्हणाल तर खोकाच, पण त्याच्याजवळ उभे राहताना अंग नकळत मागे सरते, कारण हे कोसळू शकते ही जाणीव डोळ्यांच्या आधी पायांना होते. आणि ती जाणीव निव्वळ काव्यात्म नाही. १९७१ मध्ये मिनियापोलिसच्या वॉकर आर्ट सेंटरमध्ये सेरांचे शिल्प बसवले जात असताना पोलादी प्लेट पडून एका कामगाराचा मृत्यू झाला होता. सेरांच्या कामातल्या वजनाबद्दल अलंकारिक भाषेत लिहिणाऱ्यांनी हे एक मृत्यूचे वास्तव लक्षात ठेवलेले बरे.

सेरांचा अवकाशविचार सर्वांत स्पष्टपणे दिसतो तो ‘शिफ्ट’ या कामात. कॅनडातल्या ऑन्टारिओ प्रांतात, किंग सिटीजवळच्या चढउताराच्या शेतजमिनीवर हे काम १९७० ते १९७२ या काळात झाले. त्याची आखणी कागदावर सुरू झाली नाही. सेरा आणि कलावंत जोन जोनास हे दोघे शेताच्या विरुद्ध टोकांना जाऊन चालले. जमीन उंचसखल असल्यामुळे एकमेकांना नजरेआड होऊ न देता चालायचे तर प्रत्येकाला आपली वाट सतत बदलावी लागत होती. दोन माणसे एकमेकांपासून जास्तीत जास्त किती दूर जाऊनही एकमेकांना दिसत राहतात, यावरून कामाच्या सीमा ठरल्या आणि मग त्या जमिनीत काँक्रीटच्या सहा बुटक्या भिंती आल्या. त्या भिंतींचा वरचा काठ सपाट आहे आणि जमीन त्याखालून उतरत जाते, त्यामुळे भिंतीच्या कडेने चालणाऱ्याला आपण किती खाली आलो हे पावलागणिक कळते. जमिनीचा उतार तिथे आधीपासून होताच. शिल्पाने तो मोजता येण्याजोगा केला. शिल्प म्हणजे अवकाशात ठेवलेली वस्तू ही कल्पना इथे मोडीत निघते आणि शिल्प म्हणजे अवकाशाचे चालत केलेले वाचन, ही कल्पना तिची जागा घेते. मला सेरांच्या साऱ्या कारकिर्दीत हे काम सर्वांत निर्दोष वाटते, आणि त्याचे एक कारण कलाबाह्य आहे: त्या शेतात जाणारा माणूस ते काम अनुभवण्यासाठी स्वतःहून जातो.

या टप्प्यावर एका जुन्या वादाची आठवण उपयोगी पडते. १९६७ मध्ये मायकेल फ्रीड या समीक्षकाने मिनिमल कलेवर एक कडवा हल्ला चढवला. ही कला नाटकी आहे, असा त्याचा आक्षेप होता. चांगले चित्र किंवा शिल्प स्वतःमध्ये पूर्ण असते, पाहणारा असो वा नसो. पण हे खोके मात्र एखाद्या परक्या माणसाने खोलीत निमूट उभे राहावे तसे उभे असतात, पाहणाऱ्याची वाट पाहतात, त्याला परिस्थितीत ओढतात आणि त्याच्यावर दडपण आणतात, असे त्याचे म्हणणे होते. फ्रीडच्या या निबंधाला मिनिमलिझमच्या समर्थकांनी पुढे मोठ्या हुशारीने उलटवले. होय, ही कला पाहणाऱ्याच्या शरीराला परिस्थितीत ओढते, आणि तेच तिचे मोठेपण आहे, असे ते म्हणू लागले. हा युक्तिवाद मलाही मान्य आहे. परंतु तो एकदा मान्य केला की त्याची किंमतही मोजावी लागते. फेडरल प्लाझामधल्या कारकुनांची तक्रार शिकलेल्या समीक्षकाच्या परिभाषेत नव्हती, तरी तिचा आशय फ्रीडच्या तक्रारीहून फार वेगळा नव्हता: ही वस्तू आम्हाला एकटे सोडत नाही. फ्रीडने असे म्हटले तर तो सौंदर्यशास्त्रीय आक्षेप ठरतो आणि कचेरीतल्या टंकलेखिकेने म्हटले तर तो अडाणीपणा ठरतो, हा दुटप्पीपणा कलाक्षेत्राने या प्रकरणात सर्रास केला.

आता प्रत्यक्ष हकीकत. अमेरिकेच्या केंद्र सरकारच्या इमारतींची व्यवस्था पाहणाऱ्या जनरल सर्व्हिसेस ॲडमिनिस्ट्रेशन या खात्याची एक योजना आहे. नव्या सरकारी इमारतीच्या बांधकाम खर्चाचा अर्धा टक्का त्या योजनेत कलाकृतीसाठी राखून ठेवला जात असे. त्यातून, कलाक्षेत्रातल्या जाणकारांच्या समितीच्या शिफारशीवरून, १९७९ मध्ये सेरांना १,७५,००० डॉलरचे काम मिळाले. त्यांनी दिलेले शिल्प म्हणजे गंजाचा तांबूस थर स्वतःच धरणाऱ्या कॉर-टेन पोलादाची एकच वक्र भिंत होती: १२० फूट लांब, १२ फूट उंच, अडीच इंच जाड आणि उभ्या रेषेपासून किंचित कललेली. ती प्रांगणाला मधोमध छेदत होती. इमारतीच्या दाराकडे जाणाऱ्याला तिला वळसा घालावा लागे, आणि वळसा घालताना प्रांगण कधी आकसते, कधी खुलते, समोरचे दृश्य झाकले जाते आणि पुन्हा उघडते, हाच सेरांचा हेतू होता. जागेला सजवणारी वस्तू त्यांना द्यायची नव्हती. त्या प्रांगणाचा अवकाश शिल्पाच्या ताब्यात आणायचा होता, आणि हा उद्देश त्यांनी कधी लपवलाही नाही.

उभारणीबरोबरच विरोध सुरू झाला. शिल्प हटवण्याच्या मागणीच्या अर्जांवर त्या इमारतींत काम करणाऱ्या १,३०० जणांनी सह्या केल्या. विरोधाच्या अग्रभागी तिथल्याच न्यायालयाचे मुख्य न्यायाधीश एडवर्ड रे होते. मार्च १९८५ मध्ये तीन दिवस जनसुनावणी झाली. तिची व्यवस्था त्या खात्याच्या ज्या विभागीय प्रशासकाने केली, त्या विल्यम डायमंड यांचे मत आधीपासून उघडपणे शिल्पाविरुद्ध होते आणि सुनावणी घेणाऱ्या समितीचे अध्यक्षपदही त्यांनी स्वतःकडेच ठेवले. बोलणाऱ्यांपैकी १२२ जण शिल्प राहावे म्हणून बोलले, ५८ जण जावे म्हणून. समितीने चार विरुद्ध एक मतांनी ते हलवण्याची शिफारस केली. सेरा न्यायालयात गेले आणि हरले. शिल्प सरकारने विकत घेतलेले आहे, तेव्हा ते कुठे ठेवायचे हा सरकारचा प्रश्न, अशा अर्थाचा निवाडा झाला. १५ मार्च १९८९च्या रात्री कामगारांनी ते कापले आणि सरकारी गोदामात नेले.

सुनावणीतल्या विरोधी आक्षेपांत पुष्कळ भुसा होता, हे आधी सांगून टाकू. भिंतीमुळे उंदीर वाढले, असा आरोप झाला. (उंदरांना अमूर्त शिल्पाची ओढ असल्याचे याआधी कोणी नोंदवलेले नाही.) भिंतीमुळे बाँबस्फोटाचा झोत इमारतीकडे वळू शकतो, असे एका सुरक्षा अधिकारी महिलेने मांडले. रंगाची पिचकारी मारून लिहिलेल्या मजकुरांचे खापरही शिल्पावरच फुटले. त्याहून महत्त्वाचे म्हणजे ते प्रांगण मुळातच रुक्ष होते. फरसबंद, वाऱ्याने झोडपले जाणारे आणि वर बहुधा कोरडेच असलेले कारंजे असे त्याचे स्वरूप होते. वास्तुरचनेचे जे पाप होते त्याचा पुष्कळसा भाग शिल्पाच्या माथी मारला गेला. पुढे काय झाले ते याची साक्ष देते. शिल्प गेल्यावर तिथे बाके आणि झाडांच्या कुंड्या आल्या. १९९०च्या दशकात मार्था श्वार्ट्झ यांनी हिरव्या बाकांच्या नागमोडी ओळींची एक चटकदार रचना केली, आणि तीही पुढे उखडून तिच्या जागी तिसरी रचना आली. या नंतरच्या बदलांसाठी देश ढवळून निघाल्याचे दिसले नाही. शिल्प हटवून प्रांगणाचा प्रश्न सुटला नव्हता, एवढे तरी यावरून म्हणता येते.

हे सगळे मान्य करूनही विरोधकांच्या मुख्य तक्रारीत तथ्य उरतेच, आणि ते संमतीच्या मुद्द्यावर उरते. तुलनेसाठी कार्ल आंद्रे यांच्या विटांचे प्रकरण पाहा. दोन थरांत मांडलेल्या १२० भाजीव विटांचे त्यांचे १९६६चे काम लंडनच्या टेट संग्रहालयाने १९७२ मध्ये विकत घेतले आणि १९७६ मध्ये ब्रिटिश वर्तमानपत्रांनी त्यावर गहजब केला. सार्वजनिक पैसा उधळला, विटा काय कोणीही मांडील, वगैरे. तो वाद पैशाचा आणि अभिरुचीचा होता. संतापलेला नागरिक त्या विटांकडे पाठ फिरवून घरी जाऊ शकत होता. त्याच्या रोजच्या दिवसात त्या विटांना प्रवेश नव्हता. फेडरल प्लाझामधल्या माणसाला ही मुभा नव्हती. तो दिवसातून निदान दोनदा, पावसात, घाईत, दुपारच्या सुट्टीत डबा घेऊन बाहेर पडताना त्या भिंतीला वळसा घालणार होता, आणि त्याचे वळसा घालणे हाच कलाकृतीचा विषय होता. रंगात आणि दगडात काम करणाऱ्याला रंगाची परवानगी घ्यावी लागत नाही. पण माणसांच्या चालण्यात काम करणाऱ्याची सामग्री ही दुसऱ्यांच्या मालकीची असते. कला लोकशाहीवादी नसते, ती लोकांसाठी नसते, असे सेरा म्हणत. संग्रहालयातल्या चित्राबद्दल मी हे विधान बिनतक्रार मान्य करीन. जी कला लोकांच्या पावलांनी पूर्ण होते तिच्या कर्त्याने ते म्हणावे, यात विसंगती आहे.

मग बहुमताने ठरवायचे का? तसे केले तर काय होईल, हे वॉशिंग्टनच्या व्हिएतनाम युद्धस्मारकाने दाखवून दिले आहे. टिल्टेड आर्क उभे राहिले त्याच वर्षी, १९८१ मध्ये, त्या स्मारकाच्या खुल्या स्पर्धेचा निकाल लागला. आलेल्या १,४२१ आराखड्यांतून, नावे झाकून, आठ जणांच्या परीक्षक मंडळाने निवड केली आणि झाकलेले नाव उघडले तेव्हा ते येल विद्यापीठातल्या २१ वर्षांच्या माया लिन या विद्यार्थिनीचे निघाले. तिची कल्पना मिनिमल कलेच्या मुशीतली होती: पुतळा नाही, ध्वज नाही, चौथरा नाही, जमिनीत उतरत गेलेल्या आणि कोनात मिळणाऱ्या काळ्या ग्रॅनाइटच्या दोन लांब भिंती आणि त्यांवर मृत व बेपत्ता सैनिकांची नावे. (तो काळा दगड बेंगळुरूच्या परिसरातून गेला, ही माहिती आपल्याकडे फारशी कोणाला नसते.) त्यावर तेव्हा जो भडका उडाला तो न्यूयॉर्कपेक्षा मोठा होता. एका माजी सैनिकाने त्याला लाजेची काळी चीर म्हटले. स्पर्धेचा खर्च उचलणारे उद्योगपती रॉस पेरो स्वतःच विरोधात उतरले. सरकारी जमिनी आणि राष्ट्रीय उद्याने सांभाळणाऱ्या अंतर्गत खात्याचे मंत्री जेम्स वॉट यांनी बांधकामाची परवानगी रोखून धरली. त्या क्षणी मतदान घेतले असते तर ती भिंत उभीच राहिली नसती, असे मानायला पुष्कळ जागा आहे. अखेर तडजोड म्हणून फ्रेडरिक हार्ट यांचे तीन सैनिकांचे वास्तवदर्शी शिल्प ठरले, ते १९८४ मध्ये भिंतीपासून काही अंतरावर बसवले गेले, आणि भिंत १९८२च्या नोव्हेंबरमध्ये खुली झाली. आज तिथे जाणारी माणसे नावांवर कागद ठेवून पेन्सिलीने ठसे घेतात, पत्रे आणि वस्तू ठेवून जातात.

दोन्ही कामे भिंतीच आहेत, दोन्ही आकृतिहीन आहेत, दोन्ही माणसाच्या चालण्याशिवाय अपुरी आहेत, आणि दोन्हींची निवड जाणकारांनीच केली. मग एक तगली आणि एक का गेली? लिनची भिंत सौम्य आहे आणि सेरांची आक्रमक, हे उत्तर सोपे आहे, पण पुरेसे नाही. ५८ हजार मृतांची यादी मृत्यूच्या क्रमाने वाचायला लावणे यात सौम्य असे काही नाही. त्या क्रमाची सुरुवात आणि शेवट दोन्ही भिंती मिळतात त्या कोनात होतात, त्यामुळे वाचणाऱ्याला कडेपर्यंत जाऊन पुन्हा खोलात परतावे लागते, आणि चकचकीत दगडात नावांच्या मागे त्याचा स्वतःचा चेहरा दिसत राहतो. प्रेक्षकाला गुंतवण्यात लिन सेरांहून कमी निष्ठुर नाहीत. मला फरक दिसतो तो आरंभाच्या टप्प्यावर. त्या स्पर्धेच्या अटी आधीच जाहीर झाल्या होत्या: सर्व मृत व बेपत्तांची नावे असावीत, काम चिंतनाला जागा देणारे असावे, परिसराशी जुळणारे असावे आणि युद्धाविषयी राजकीय भाष्य करणारे नसावे. या अटी माजी सैनिकांच्याच पुढाकारातून आल्या होत्या. म्हणजे जागा कशासाठी आहे ते जागेशी ज्यांचे नाते होते त्यांनी ठरवले, आणि रूप काय असावे ते त्यांच्या अपेक्षेपलीकडच्या एका तरुण मुलीने. तिच्या रूपावर जेव्हा आग बरसली, तेव्हा तिच्या बाजूने उभे राहणाऱ्यांपाशी एक भक्कम आधार होता: तुम्ही जे मागितले होते ते इथे आहे की नाही ते तपासा.

फेडरल प्लाझामध्ये असा आधार कोणाकडेच नव्हता. ते प्रांगण ओलांडण्यासाठी आहे की बसण्यासाठी, गर्दीच्या कार्यक्रमांसाठी आहे की शांततेसाठी, याची नोंद शिल्पाच्या आधी कोणी केलेलीच नव्हती. परिणामी शिल्प कशाच्या आड येते हे विरोधकांना नेमके सांगता येईना, म्हणून उंदीर आणि बाँब यांच्यापर्यंत जावे लागले. आणि शिल्प काय देते हे समर्थकांना तिथल्या माणसांच्या भाषेत सांगता येईना, म्हणून कलेतिहासातले सेरांचे स्थान पुढे करावे लागले. सुनावणीतले १२२ आणि ५८ हे आकडेही यामुळेच निरुपयोगी ठरतात. बाजूने बोलणाऱ्यांत कलाक्षेत्रातले लोक मोठ्या संख्येने होते, विरुद्ध बोलणाऱ्यांत तिथे रोज येणारे. यांतले ‘जनता’ कोण? दोघेही, पण वेगवेगळ्या प्रश्नांसाठी. त्या प्रांगणाच्या वापराबद्दल रोजच्या वाटसरूचा शब्द शेवटचा असावा आणि पोलादाच्या त्या वक्राच्या गुणवत्तेबद्दल नसावा. दोन्ही प्रश्न एकाच सुनावणीत कालवल्यावर मिळालेले उत्तर कशाचे आहे हे सांगता येत नाही.

यावर कलावंतांकडून एक आक्षेप येईल आणि तो गंभीरपणे घ्यायला हवा. प्रयोजन आधी ठरवून दिले की कलावंत सजावटकार होतो; बाके, सावली आणि मुलांसाठी घसरगुंडी मागणाऱ्या नागरिकांपुढे कोणतीही धारदार कलाकृती टिकणार नाही. मला ही भीती अतिशयोक्त वाटते, आणि याला उत्तर खुद्द सेरांच्या नंतरच्या कामात आहे. रोममधल्या बोरोमिनी या वास्तुकाराच्या सान कार्लो चर्चमध्ये शिरताना, बाजूने पाहिल्यामुळे, जमिनीवरचा लंबवर्तुळ आणि छतावरचा लंबवर्तुळ एकमेकांच्या तुलनेत फिरवलेले आहेत असा त्यांचा समज झाला. तसे प्रत्यक्षात नव्हते. पण तसे करता येईल का, या विचारातून पिळलेल्या लंबवर्तुळांची मालिका जन्मली. तसे पोलाद वळवू शकेल असा कारखाना शोधण्यात बराच काळ गेला आणि १९९६ पासून ही शिल्पे साकार झाली. स्पेनमधल्या बिल्बाओच्या गुगेनहाइम संग्रहालयात सुमारे १३० मीटर लांबीच्या एका दालनात २००५ पासून त्यांची आठ शिल्पे ‘द मॅटर ऑफ टाइम’ या नावाने एकत्र आहेत. तिथे भिंतींमधून आत जाता येते, भिंती अंगावर येतात आणि मग दूर होतात, आणि मध्यावर पोहोचताच अवकाश एकदम मोकळा होतो. दालनाची लांबीरुंदी सेरांच्या हातात नव्हती, तिथे येणारे पाहुणे कशासाठी येतात हेही आधीच ठरलेले होते, आणि तरी या कामाला कोणी सजावट म्हणणार नाही. टिल्टेड आर्क माणसाला बाहेरून वळसा घालायला लावत होते. इथे भिंत त्याला आत घेते. फेडरल प्लाझाच्या कारकुनांचे म्हणणे सेरांनी कधी मान्य केले नाही, पण माझ्या मते त्यांच्या पुढच्या पंचवीस वर्षांच्या कामाने ते ऐकले होते.

राहिला हटवण्याचा प्रश्न. त्या जागेसाठी केलेले शिल्प तिथून हलवणे म्हणजे ते नष्ट करणे होय, अशी सेरांची भूमिका होती आणि टिल्टेड आर्कपुरती ती अक्षरशः खरी आहे. ती भिंत दुसरीकडे उभारली तर ते केवळ वाकवलेले पोलाद राहील. सगळ्याच कामांना हा न्याय लागू पडत नाही, हेही सेरांनीच दाखवले. माद्रिदच्या रेना सोफिया संग्रहालयाने गोदामात ठेवायला दिलेले त्यांचे ३८ टनांचे शिल्प कुठे गेले याचा पत्ताच लागेना, ही गोष्ट २००६ मध्ये उघड झाली, तेव्हा सेरांनी ते पुन्हा बनवून दिले आणि तेच मूळ म्हणून मान्य केले. म्हणजे कोणते काम जागेला चिकटलेले आहे आणि कोणते नाही, हे काम देतानाच करारात लिहिता येते. अमेरिकेत १९९० मध्ये दृश्यकलावंतांच्या हक्कांचा कायदा झाला आणि कलाकृतीची मोडतोड रोखण्याचा मर्यादित अधिकार कलावंताला मिळाला, परंतु २००६ मध्ये एका अपील न्यायालयाने जागेशी बांधलेल्या कलाकृतींना त्या कायद्याचे संरक्षण नाही असे ठरवले. ही उणीव भरून काढण्यासाठी कलावंताला जागेवर कायमचा हक्क द्यावा, असे मला वाटत नाही. चौक पिढ्यांचे असतात आणि त्यांची प्रयोजने बदलतात. पण आधी लिहून ठेवलेले प्रयोजन बदलले आहे किंवा शिल्प त्याच्या आड येते आहे, हे सिद्ध करण्याचे ओझे हटवू पाहणाऱ्या खात्यावर असले पाहिजे, निर्णय देणारे मंडळ त्या खात्याच्या बाहेरचे असले पाहिजे, आणि काम काढलेच तर ते आपले राहिलेले नाही असे जाहीर करण्याचा हक्क कलावंताकडे असला पाहिजे. सेरांनी शेवटचा हक्क नैतिक बळावर वापरला: टिल्टेड आर्क अन्यत्र उभारायला त्यांनी नकार दिला आणि त्याचे तुकडे सरकारी गोदामातच राहिले. पहिल्या दोन अटी तेव्हा लागू असत्या तर डायमंड यांना त्या समितीच्या अध्यक्षपदी बसता आले नसते, आणि ते प्रांगण कशासाठी आहे हे १९७९ मध्येच, काम सोपवण्यापूर्वी, कोणाला तरी लिहावे लागले असते.